चेहरा दाखवणार नाहीत

रविवार, २ नोव्हेंबर २०१४, फरीदाबाद

आज पुन्हा तेच. ‘अवनी’ म्हणून हाक मारली — खोलीचं दार लागलं. सतरा वर्षं जिभेवर बसलेलं नाव! तो म्हणतो, आई, मला चैतन्य म्हण. म्हणते. दहातनं सहा वेळा.

विनायकचा भोपाळहून फोन. “अठरा होऊ दे, मग बघू.” बदलीच्या गावी बसून थांबायला बापाचं काय जातंय!

मंगळवार, ४ नोव्हेंबर

हार्मोन आत्ता सुरू करावेत की थांबावं, यावर डॉक्टरांचंही एकमत नाही — डॉक्टरीणबाईंनी सरळ सांगितलं. आणि सही दोघांची हवी, आई-बाबांची. चैतन्यने मान खाली घातली ती बदरपूरला मेट्रोतून उतरेपर्यंत वर केली नाही.

शुक्रवार, ७ नोव्हेंबर

न्यूज चॅनेलवरून फोन. अशा मुलांच्या पालकांच्या बैठकीत मी नंबर लिहून दिला होता. ‘मुलांचा लिंगबदल — हक्क की घाई?’ या विषयावर चर्चा आहे. “मॅडम, चेहरा नहीं दिखाएंगे.”

हो म्हणाले. कुणाशी तरी बोलायचंय ना! शेजारच्या सुनंदाशी बोलले असते, पण हा विषय निघाला तेव्हा आमच्या मराठी मंडळात तीच म्हणाली, “आजकालची फॅशन आहे, यार.” सगळे हसले. मीही!

शनिवार, ८ नोव्हेंबर

चैतन्यला सांगितलं, ऑफिसची मीटिंग आहे.

नोएडाला स्टुडिओ. मला पडद्याआड बसवलं — नुसती सावली. एक डॉक्टर म्हणाले, अडवलं तर मूल आतून खचतं. दुसरे म्हणाले, घाई केली तर काही गोष्टी परत फिरवता येत नाहीत. अँकर दोघांवर ओरडला. मी एवढंच बोलले, “मेरा बच्चा झूठ नहीं बोलता. पर मुझे डर लगता है.”

दुसऱ्या पडद्याआड एक बाई. मुलीने एकोणिसाव्या वर्षी उपचार घेतले, मग सोडले. “अब कहती है, माँ, रोका क्यों नहीं.”

बाहेर चहाच्या टपरीवर तीच भेटली. मिसेस भाटिया. मला वाटलं, तोंड फिरवेल. तिने बाकावर सरकून जागा केली.

“आपकी ठीक से खाती है?”

“खाता है,” मी म्हटलं.

ती थबकली. “अच्छा. खाता है?”

मग मला रडूच आलं; रडत रडत सगळं सांगत गेले. तिने चहा गार होऊ दिला, पण मध्ये बोलली नाही. कित्येक महिन्यांत माझं वाक्य कुणी पुरं होऊ दिलं नव्हतं.

रविवार, ९ नोव्हेंबर

कार्यक्रम लागला. टीव्ही बंद ठेवला.

मंगळवार, ११ नोव्हेंबर

चैतन्य शाळेतून दुपारीच परत आला. वर्गातल्या एकाच्या आईने माझा आवाज ओळखला. सगळ्या बारावीला कळलंय.

“मी कोणालाच सांगितलं नव्हतं, आई. कॉलेजात गेल्यावर मीच सांगणार होतो. तू मला विचारलंस?”

नाही. नव्हतं विचारलं.