डबल बेसचे कपाट होऊ नये म्हणून

मी, खाली सही करणारी बाई, वय अठ्ठ्याहत्तर, शिक्षण दुसरीपर्यंत, माझ्या मर्जीने लिहून ठेवते की माझे डोके ठिकाणावर आहे. डॉक्टरांचा दाखला जोडला आहे. थोरल्याला शंका फार, म्हणून दोन डॉक्टरांचे जोडले आहेत.

१. राहत्या दोन खोल्या दोन्ही मुलांना एकेक. भांडायचे तर मी गेल्यावर भांडावे, मला ऐकवू नये.

२. बँकेत माझ्या आजारपणातून काही उरलेच तर ते नातीच्या दातांना. दात माझ्या नवऱ्यावर गेलेत, तिचा काय दोष?

३. नवऱ्याला काही नाही. तो जॅझच्या बँडमध्ये डबल बेस, म्हणजे माणसाहून उंच, उभे धरायचे तारांचे वाद्य, वाजवायचा. गायिकेबरोबर पळाला तेव्हा टॅक्सीत बेस मावला नाही, म्हणून बेस, मी आणि दोन पोरे मागे राहिलो. मी बँडचे कोट शिवायची. बँडचा मालक ट्रम्पेटवाला म्हणाला, बेस नुसता धरून उभी राहा, जागा रिकामी दिसायला नको. उभ्या उभ्या कंटाळा आला, म्हणून तारा ओढू लागले. त्यावर पोरे वाढवली.

४. ट्रम्पेटवाल्याला माझी शिवणाची कात्री. "तुझा बेस ऐकतंय कोण," हे त्याचे रोजचे. एकदा हॉटेलात भर गाण्यात माझ्या नाकाला खाज सुटली, मी तारांवरून हात काढला. गाणे संपले समजून नाचणारी जोडपी थांबली, आणि ट्रम्पेटवाल्यानेच वाकून नमस्कार केला. तेव्हापासून मला अहो-जाहो करतो. कात्री मिश्यांना वापरावी.

५. आता बेस. थोरला त्याचे पोट कापून, आत फळ्या ठोकून बाटल्यांचे कपाट करणार आहे. टेप लावून मापे घेताना मी त्याला पाहिले. "आई, निदान वापरात तरी राहील," म्हणे. त्याला बेस मिळणार नाही. तो धाकट्या सुनेला. मी दवाखान्यात गेले की ती चोरून वाजवते. परवा मी जिन्यात बसून ऐकले. बोटे साफ चुकीच्या जागी पडतात, पण ताल हलत नाही. तिच्या हातचा चहा मला अजूनही पसंत नाही, ते वेगळे.

६. पाचवे कलम माझ्या मरणापर्यंत थांबणार नाही. तसे तिला सांगितले तर म्हणाली, "आई, मला कुठे येतंय?"

मी म्हटले, "ते ऐकलंय मी. म्हणून तर आजपासून. मेल्यावर मला ओरडता येणार नाही. नखं कापून ये."

सही: (मीच)
साक्षीदार: पियानोवाला, वाचून. ड्रमवाला, न वाचता, सगळ्यांच्या आधी.
ठिकाण: माझी खोली, बेसशेजारी.
दिनांक: ३ मार्च, सोमवार. सूनबाई नखे कापते आहे.