सहा पवनचक्क्या आणि मी

१ जानेवारी, सकाळी ६.४०
आजपासून रोजनिशी. कोणी वाचणार नाही, त्यामुळे खरं तेच लिहायचं. खरं म्हणजे माझी खासदारकी उत्तम चालली आहे. पाचवं वर्ष. मे महिन्यात निवडणूक. या वर्षी दोनच गोष्टी: पुन्हा तिकीट मिळवणे आणि देशातल्या स्वच्छ ऊर्जेला एक चेहरा देणे. चेहऱ्यासाठी फोटोग्राफरला गुरुवारी बोलावलं आहे.
शिवाय रोज पहाटे चालणे. उद्यापासून.

२ जानेवारी
गारठा फार. उद्यापासून.
बायको शाळेत फिजिक्स शिकवते, त्यामुळे घरात ऊर्जेवर बोलायची सोय नाही. चहा घेताना मी सहज म्हणालो की आपल्या टेकडीवर सहा पवनचक्क्या बसल्या की रोज बारा मेगावॅट. तिने पेपर खाली ठेवला आणि मेगावॅट रोज मोजत नाहीत, असं सांगायला सुरुवात केली. वीस मिनिटं सांगत होती. मला मुळात माहीतच होतं. भाषणात बारा मेगावॅट रोज हेच चांगलं वाटतं.

५ जानेवारी
पक्षाच्या अध्यक्षांनी राजधानीत बोलावून घेतलं. पाऊण तास बाहेर बसवलं, म्हणजे विषय गंभीर. आत गेल्यावर सरळ मुद्द्यावर आले. म्हणाले, तुमच्या टेकडीचा प्रकल्प दोन वर्षं रखडलाय. सोळा फेब्रुवारीला जनसुनावणी आहे. लोकांनी फार हरकती न घेता ती पार पडली, तर तिकिटाचं बघू. नाही पडली तर तुम्ही तुमचं बघा.
मी म्हणालो, एकही हरकत येणार नाही, माझा शब्द. ते म्हणाले, शब्द नको, सुनावणी पार पाडा. त्यांच्या बोलण्याची पद्धत अशीच कोरडी आहे. मनातून फार मानतात मला.
येताना गाडीत पी.ए.ला सांगितलं की तिकीट खिशात. तो हो साहेब म्हणाला.

९ जानेवारी
पाहणी दौरा. शंभर किलोमीटरवर चालू प्रकल्प आहे, तो बघायला. पवनचक्की जवळून पाहिली की गप्प व्हायला होतं, इतकी उंच. फक्त बंद होती. कारण विचारलं. तिथला इंजिनिअर म्हणाला, पाहुणे येणार असले की सुरक्षेसाठी बंद ठेवावी लागते. मी येणार म्हणून त्यांनी सकाळपासून सगळ्या चक्क्या बंद ठेवल्या होत्या. मान ठेवतात.
आतल्या शिडीवरून वर जायचा माझा आग्रह होता. आठव्या पायरीवर लक्षात आलं की सगळं समजलं आहे. खाली उतरून पाहणी पूर्ण झाल्याचं जाहीर केलं.

१२ जानेवारी, सोमवार
सह्यांचा दिवस. ही माझी स्वतःची पद्धत, इथे नोंदवून ठेवतो. लोक शिफारसपत्रासाठी येतात आणि मी नेमका दौऱ्यावर असतो. बिचारे परत जातात. म्हणून मी दर सोमवारी पन्नास कोऱ्या लेटरहेडवर सह्या करून पी.ए.कडे ठेवतो. ज्याला जे हवं ते वरती टाइप करून द्यायचं. कोणी रिकाम्या हाताने जात नाही. पाच वर्षांत मी एकाही माणसाला नाही म्हणालेलो नाही. असा दुसरा खासदार दाखवा.
बायको म्हणाली, वाचत तरी जा. तिला सरकारी कामाचा वेग माहीत नाही.

१८ जानेवारी
लोकसंपर्काचा आदर्श दिवस.
सकाळी टेकडीच्या अलीकडच्या सोसायटीचं शिष्टमंडळ. पुढे डॉक्टर, म्हणजे दातांचे डॉक्टर, सोसायटीचे सेक्रेटरी. माझी उजवीकडची दाढ त्यांनीच काढलेली, त्यामुळे त्यांच्यासमोर माझं तोंड फारसं उघडत नाही. म्हणाले, पवनचक्क्यांचा घरघराट होणार, ज्येष्ठांची झोप उडणार, बाल्कनीतून सूर्यास्त दिसणार नाही. मी म्हणालो, तुमची झोप ती माझी झोप. पी.ए.ला सांगितलं, डॉक्टरांना काय हवं ते द्या.
दुपारी टेकडीच्या पलीकडच्या गावातले हेडमास्तर आले. एकटेच, बसने. त्यांच्या गावात संध्याकाळी सहानंतर दिवे मिणमिणतात. शाळेतले आठ संगणक दोन वर्षं झाकून ठेवले आहेत. प्रकल्प झाला तर गावासाठी विजेचं नवं उपकेंद्र होणार आहे. मी त्यांचा हात हातात घेतला. म्हणालो, मास्तर, पवनचक्की हा माझा श्वास आहे. पी.ए.ला सांगितलं, मास्तरांना काय हवं ते द्या.
दोघंही समाधानाने गेले. याला म्हणतात राजकारण.

२३ जानेवारी
चालणं जमत नाही, कारण चालण्यातून संदेश जात नाही. म्हणून आज सायकलवरून ऑफिसला. फोटोग्राफर पुढे, माझी गाडी मागे, तिच्यामागे पोलिसांची. चढावर सायकल गाडीच्या टपावर बांधली आणि उतारावर पुन्हा काढली. फोटो उतारावरचे घेतले.
ऑफिसात घाम गेला नाही म्हणून ए.सी. अठरावर.

३० जानेवारी
लोकसभेत बोललो. विषय: वारा. वेळ तीन मिनिटं. सभागृहात तेव्हा अकरा जण होते, पण दर्जेदार. एक जण झोपले होते, त्यांना मी जागं केलं नाही. वारा ही जनतेची संपत्ती आहे आणि तो कोणत्याही पक्षाचा नाही, या वाक्यावर मी थांबलो. टाळ्यांसाठी जागा सोडली होती. सभापती म्हणाले, वेळ संपली.
मुलीने फोन केला. म्हणाली, बाबा, भाषण ऐकलं, तुम्ही रोज बारा मेगावॅट म्हणालात. आईकडून उचललंय तिने.

८ फेब्रुवारी
पी.ए. दोनदा आत आला आणि काही न बोलता गेला. तिसऱ्यांदा म्हणाला, साहेब, हरकती येताहेत म्हणे. किती ते विचारलं नाही. आकडे ऐकले की आत्मविश्वास ढळतो. त्याला सांगितलं, मी सभेत उभा राहिलो की हरकती गळून पडतील.
सुनावणीसाठी नवा पांढरा शर्ट शिवायला टाकला.

१५ फेब्रुवारी
भाषण आरशासमोर चार वेळा. बायको दारात उभी राहून ऐकत होती. तिने विचारलं, तुला त्या चक्क्या खरंच हव्यात का, की तिकीट हवंय? हा कसला प्रश्न. मी म्हणालो, दोन्ही एकच आहे. ती वह्या तपासायला निघून गेली.

१६ फेब्रुवारी, संध्याकाळ
सुनावणी पार पडली. शांतपणे लिहितो.
नगरपालिकेचा हॉल गच्च. डावीकडे सोसायटी, उजवीकडे गाव, मध्ये मी. सुनावणी घेणाऱ्या अधिकारी बाई, गळ्यात दोरीचा चष्मा, चेहऱ्यावर काही म्हणजे काही नाही. म्हणाल्या, एकूण दोनशे बारा हरकती आल्या आहेत, क्रमाने वाचू. पहिली हरकत त्यांनी वर धरली. लेटरहेड ओळखीचं वाटलं. ज्येष्ठांची झोप आणि सूर्यास्ताचं सौंदर्य यांच्या हितासाठी सदर प्रकल्प तातडीने रद्द करावा अशी माझी ठाम शिफारस आहे. खाली सही माझी.
डाव्या बाजूने टाळ्या. मी सवयीने हात जोडले.
मग त्या म्हणाल्या, समर्थनाची एकशे साठ पत्रं आहेत, त्यातलं पहिलं वाचते. गावाच्या विकासासाठी सदर प्रकल्प तातडीने मंजूर करावा अशी माझी ठाम शिफारस आहे. लेटरहेड तेच. सही तीच. तारीख दोन्हींवर अठरा जानेवारी. जावक क्रमांक एकाला ४११, दुसऱ्याला ४१२.
हॉलमध्ये हसू फुटलं. मागून सुरू होऊन पुढे आलं. पी.ए. छताकडे बघत होता. बाईंनी चष्मा काढला आणि विचारलं, खासदारसाहेब, यातलं कुठलं पत्र तुमचं धरायचं?
मी उभा राहिलो. पाठ केलेलं भाषण मात्र डोक्यातून पार पुसून गेलं होतं. म्हणालो, दोन्ही. लोकप्रतिनिधी म्हणजे आरसा, समोर जो येईल त्याचं रूप दाखवतो. असं बारा मिनिटं बोललो. लोक इतके हसत होते की काहींचे डोळे भरून आले. जनतेचं असं प्रेम क्वचित मिळतं.
माझ्यानंतर हेडमास्तर बोलले. दोन मिनिटंच. म्हणाले, साहेबांचं पत्र दोन्हीकडे आहे, म्हणजे ते कुणाकडेच नाही असं समजून वजा करा. उरतं ते असं, की आमच्याकडे संध्याकाळी पोरांना अक्षर दिसत नाही. चक्क्या गावाच्या बाजूच्या उतारावर बसवा. आवाज आम्ही ऐकू. मग हॉलमध्ये कोणी हसलं नाही.
वजा करा म्हणाले, ते मला जरा लागलं. बाकी सभा जिंकली.

१७ फेब्रुवारी
सगळ्या पेपरात पहिल्या पानावर माझा फोटो. पाच वर्षांत पहिल्यांदा. मथळे वाचले नाहीत, फोटो चांगला आहे. शर्ट उठून दिसतोय.
अध्यक्षांना फोन लावला. मीटिंगमध्ये आहेत.

१८ फेब्रुवारी
मीटिंगमध्ये.

२३ फेब्रुवारी
अजून तीच मीटिंग. पक्ष किती कष्ट घेतो हे लोकांना कळत नाही.
सोमवारच्या सह्यांना पी.ए.ने कागदच आणले नाहीत. म्हणाला, साहेब, सध्या कोणी पत्र मागायला येत नाही. मग तसंच बसून राहिलो.

५ मार्च
प्रकल्प मंजूर. उतार गावाच्या बाजूचा. म्हणजे अध्यक्षांची अट मी पूर्ण केली. दोनशे बारा हरकती ही बारीकसारीक बाब. उमेदवारांची यादी अकरा तारखेला. बायकोला म्हणालो, दिवाणखान्यातला उजवीकडचा कोपरा आवरून ठेव, नाहीतर हार कुठे ठेवायचे. तिने हातातल्या वह्या बाजूला ठेवल्या आणि तो कोपरा आवरला. तिचं असं वागणं मला कधी कळलेलं नाही.

११ मार्च, दुपारी १
यादी आली. तीन वेळा वाचली. आपल्या मतदारसंघापुढे डॉक्टरांचं नाव आहे. दातांच्या.
छापणाऱ्याची चूक असेल.

११ मार्च, दुपारी ४
चूक नाही. अध्यक्षांनी स्वतः फोन घेतला. म्हणाले, त्या माणसाने महिन्याभरात दोनशे घरं एकत्र आणली. तुम्ही पाच वर्षांत सगळ्यांना पत्रं दिलीत, पण तुमच्यामागे उभं कोण आहे? मी सांगायला तोंड उघडलं आणि एकही नाव आठवेना. वाईट वाटलं. फार वाईट वाटलं. हे लिहायचं नव्हतं.
डॉक्टर पवनचक्कीच्या विरोधात आहेत, हे मी अध्यक्षांच्या लक्षात आणून दिलं. ते म्हणाले, होते.

१४ मार्च
डॉक्टर घरी आले. पाठिंबा मागायला. आता म्हणतात की पवनचक्की हा त्यांचा श्वास आहे. मूळ विरोध फक्त जागेला होता. घोषणाही ठरली आहे: स्वच्छ दात, स्वच्छ ऊर्जा. त्यांच्यामागे फाइल घेऊन माझा पी.ए. उभा होता. मी त्याच्याकडे पाहिलं, त्याने चपलांकडे. डॉक्टर काहीतरी म्हणाले आणि तो हो साहेब म्हणाला. त्याच आवाजात.
पाठिंबा दिला. नाही म्हणायची सवय नाही.

२६ मे
डॉक्टर निवडून आले. फरक मोठा आहे. यात माझ्या पाठिंब्याचा वाटा किती, यावर अभ्यास व्हायला हवा.

२ जून
पहाटे चाललो. करायला दुसरं काही नव्हतं. बायकोही आली. गावाच्या बाजूने टेकडीवर खड्डे खणताहेत. एवढ्या मोठ्या खड्ड्यात एवढं लोखंड घालतात हे ठाऊक नव्हतं. तिथल्या मुकादमाला विचारलं, त्याने सांगितलं. मी ऐकलं.

२० फेब्रुवारी
मध्ये बरेच महिने लिहिलं नाही. रोज चालतो. पाया भरला, खांब चढले, शेवटचं पातं बसलं, तेव्हा आम्ही दोघं तिथे होतो. पात्याची लांबी अठ्ठेचाळीस मीटर. एक चक्की वर्षाला किती युनिट देते तेही आता सांगू शकतो. कोणी विचारत नाही.
आज उद्घाटन. आमंत्रण नव्हतं. मी म्हणालो, टपालात हरवलं असेल, बायको म्हणाली, असेल, आणि आम्ही निघालो. व्यासपीठावर डॉक्टर, अध्यक्ष, पी.ए. आम्ही मागे, गावातल्या शाळेच्या मुलांच्या आई-वडिलांसाठी मांडलेल्या खुर्च्यांत. हेडमास्तरांनी बसायला जागा केली आणि बिस्किटाची बशी पुढे सरकवली. डॉक्टरांनी बटण दाबलं. वारा नव्हता. पाती हलली नाहीत. डॉक्टर म्हणाले, रोज बारा मेगावॅट. बायको काहीतरी पुटपुटली. मीही पुटपुटलो. फोटो निघाले, गाड्या गेल्या, मांडववाला खुर्च्या गोळा करायला लागला.
बायको म्हणाली, थांबू या, संध्याकाळी इथे वारा येतो. कुंपणाला टेकून उभे राहिलो. सव्वापाचच्या सुमारास तिची ओढणी हलली आणि तिसऱ्या क्रमांकाच्या चक्कीचं पातं सरकलं. मग दुसरी चक्की, मग सगळ्या. कितीदा भाषणांतून फिरवली असेल, पण खरोखर फिरताना मी आज पहिल्यांदा पाहिली. आवाज फार नाही. मला ती हवी होती. एकदम कळलं, की मला ती खरंच हवी होती. मी टाळ्या वाजवल्या. एकट्याने टाळ्या वाजवल्या तर फार लहान ऐकू येतात.
आवाज ऐकून फाटकावरचा वॉचमन आला. नवीन माणूस, ओळखलं नाही. म्हणाला, काका, उशीर केलात, कार्यक्रम चारलाच संपला. मी त्याला सांगितलं, आम्ही पहिल्यापासून इथेच आहोत.
तो म्हणाला, दिसला नाहीत.