पॅसेजमधला स्विच

मनवेलपाडा, विरार पूर्व
९ ऑगस्ट

प्रिय संग्राम,

तू पाठवलेला स्विच लागला. दोनदा लागला. पहिल्यांदा तुझ्या अकलेने, दुसऱ्यांदा माझ्या. महिनाभरात बाथरूमची ओल गेली नाही तर घर बंद करून मला बंगळुरूला घेऊन जाशील, असा निरोप तू स्विचबरोबर धाडला होतास. म्हणून काय काय झालं ते लिहून कळवते. फोनवर तू 'हं, हं' करत दुसरंच काही टाइप करत असतोस, ते मला ऐकू येतं.

गिरीजहून वायरमन फ्रेडरिक आला. तुझ्या ऑफिसच्या लिफ्टमध्ये उभं राहून तू त्याला व्हिडिओ कॉलवर दोन मिनिटांत शहाणं केलंस. एक्झॉस्टचा जुना स्विच काढ, हा बसव, साठ टक्क्यांवर ठेव. मी फ्रेडरिकला विचारलं, अरे, हा हवेतला ओलावा ओळखून पंखा लावतो म्हणतात, मग हा नेमकी कुठली हवा ओळखणार? तर म्हणतो, "काकी, साहेबांनी सांगितलंय तसाच लावतो." एक इंजिनिअर आणि एक तीस वर्षं वायरी ओढलेला माणूस. दोघांच्याही डोक्यात येऊ नये, की आपल्या बाथरूमचा स्विच बाथरूममध्ये नाहीच. तो बाहेर पॅसेजमध्ये आहे, स्वयंपाकघराच्या दाराला लागून. त्याच बोर्डावर टाचा उंचावून तू बटणं दाबायला शिकलास. डिग्रीबरोबर घराचा नकाशाही पुसून टाकतात की काय तुमच्या कॉलेजात?

साठवर ठेवल्यामुळे पंखा तीन दिवस थांबलाच नाही. श्रावणात इथली हवा साठवर कधी उतरते? दोरीवरच्या परकराला विचारलं असतंस तरी कळलं असतं. मी स्क्रू फिरवून आकडा वर नेला, तेव्हा थांबला. मग कढत पाण्याने अंघोळ केली. आरसा दिसेनासा झाला, छतावरून थेंब गळायला लागले, आणि पंखा ढिम्म. बाहेर येऊन भाताचा कुकर लावला. तिसऱ्या शिट्टीला बाथरूममध्ये पंखा गरगरायला लागला. आमटीला उकळी आली, पुन्हा पंखा. खालची स्वप्नाली वाटी परत द्यायला आली होती. म्हणाली, "काकू, तुमच्या पंख्याला भूक लागते वाटतं." मी हसले. अकरा महिन्यांनी हसले, हे लिहायला नको होतं, पण लिहिलं.

मग स्विचचं इंग्रजी माहितीपत्रक आणि शब्दकोश घेऊन बसले. मी सातवीपर्यंतच शिकले हे तू लोकांना फार कौतुकाने सांगतोस. ते कौतुक तुझ्याजवळच ठेव. माहितीपत्रकाच्या दुसऱ्या पानावर स्पष्ट लिहिलंय, जिथे वाफ होते त्याच खोलीत बसवा. दुसरं पान. तिथपर्यंतही तुम्ही दोघे पोचला नाहीत. फ्रेडरिकला पुन्हा बोलावलं. "आत? काकी, करंट लागंल." म्हटलं, गीझर आतच आहे ना, तो गेल्या वीस वर्षांत कुणाला चावला? वर छताजवळ लाव, शॉवरपासून लांब, जाळीच्या झाकणाच्या डब्यात. हाताने दाबायचं बटण बाहेरच राहू दे. त्याने लावला, आणि चहा न घेता गेला.

पुढचे आठ दिवस स्क्रू केसभर फिरवायचा, अंघोळ करायची, बघायचं. दुसरा स्क्रू मिनिटांचा, तोही तसाच. आता चौथा तांब्या अंगावर पडला की पंखा सुरू होतो, आणि आरसा स्वच्छ झाल्यावर दहा मिनिटांनी आपला आपण थांबतो. छताचे काळे डाग मी पुसले, ते परत आले नाहीत. खोकलाही उतरलाय. तेव्हा तुझी ओल गेली.

ह्यांना कढत पाणी लागायचं. त्या वाफेत स्टुलावर डोळे मिटून बसून राहायचे, मी ओरडेपर्यंत. त्या दिवशीही मी ओरडले. स्टूल टाकून दे, असं सगळे म्हणाले. मी टाकलं नाही. रोज त्यावरच बसते. दुसरं स्टूल आणून माणूस परत येणार आहे का?

आता पत्र का लिहिलं ते. ओल ही तुझी सबब होती. त्या दिवशी बाथरूमचं दार तू फोडलंस, त्यांना तू उचललंस, आणि नंतरचे तेरा दिवस अंघोळीला मित्राकडे, मार्सेलकडे नंदाखालला जात राहिलास. इथे पाणी कमी येतं म्हणालास. टाकी भरलेली होती. मी मित्रासमोर तुला उघडं पाडलं नाही, पण मनात भेकड म्हटलं, आणि अजून म्हणते. भिण्याला माझी हरकत नाही. भीती झाकायला आईचं घर बंद करणं, याला आहे. वर्षश्राद्ध बंगळुरूच्या हॉलमध्ये होणार नाही, या घरात होईल. श्राद्धाला बसणाऱ्याने अंघोळ करूनच बसायचं असतं, आणि ती तू इथेच करशील. आदल्या दिवशी ये. दार लावू नकोस. तुझं होईपर्यंत मी पॅसेजमध्ये पाठ करून बसेन.

मनवेलपाड्यातच राहणारी,
तुझीच आई