पाठमोरी ब्रियांदा

माद्रिद, २ सप्टेंबर १९६९

ती. कासिल्दाताईस,
सा. न. वि. वि.

ताई, घात झाला! तुमच्या गावच्या किल्ल्यावर शूटिंग चाललेल्या सिनेमाचे कपडे आमच्याच शिवणखान्यात होतात, हे तुला ठाऊक आहे. ‘लग्न कर नाहीतर मठात जा’ म्हणणाऱ्या सरदार बापाला दोन्ही नाकारून दारातून चालती झालेली गोष्टीतली आपली ब्रियांदा, तिचाच सिनेमा! तिचा शेवटचा झगा माझ्याकडे होता. लहानपणी तू ब्रियांदा व्हायचीस ती पिवळी चादर गुंडाळून, म्हणून मी बेधडक पिवळा शिवला. नायिकेने पेटी उघडली आणि किंचाळलीच. नटमंडळींना पिवळा अपशकुनी, हे शेंबडं पोरही सांगेल. मीच कशी विसरले!

दुसरा शिवायला वेळ नाही. झगा पेटीत राहिला तर मी घरी बसायचं, असं मालकीणबाईंनी सुनावलंय. दिग्दर्शक म्हणतात, शेवटी ब्रियांदा पाठमोरीच चालते, तिच्या उंचीची कुणीही बाई चालेल. ताई, कापड बेतताना डोळ्यांसमोर तूच होतीस. चालशील?

तुझ्या मायेवर विसंबलेली,
ओबदुलिया

फुएंतेलोबेरा, ६ सप्टेंबर

चि. ओबदुलियास,
अ. आ.

तुझं डोकं ठिकाणावर आहे ना? रोखेलियोला जाऊन नऊ वर्षं झाली, काळ्याखेरीज धागा अंगाला लागलेला नाही. स्वयंपाकाचा एप्रनसुद्धा काळा. सासूबाई समोर बसून मसूर निवडतात, त्याही काळ्यातच. एकुलता एक मुलगा गेला त्यांचा. त्यांच्यासमोर मी पिवळं घालून मिरवू? शिवाय गर्दीत उभं राहायला गावातल्या म्हाताऱ्या घेतल्यात, त्यांत त्याही आहेत! औषधवाल्याच्या मुलीला विचार, ती एरवीही मिरवतच असते.

तुझ्या नोकरीची मात्र काळजी लागलीय.

कासिल्दा, रोखेलियोची विधवा

ता. क. कमरेला किती धरलंयस?

माद्रिद, ९ सप्टेंबर

ती. ताईस,
सा. न.

औषधवाल्याची मुलगी झग्यात बुडेल. आणि सख्ख्या बहिणीला लिहिताना ‘रोखेलियोची विधवा’ कशाला गं? मला काय माहीत नाही?

झगा सिनेमाच्या गाडीबरोबर पाठवलाय. मन होत नसेल तर तसाच परत कर, मी रागावणार नाही. नोकरी दुसरी मिळेल. पण एकदा अंगाला लावून बघ, एवढा हट्ट पुरव.

कमरेला दोन बोटं जास्त धरलीत. चिडू नकोस.

तुझीच,
ओबदुलिया

फुएंतेलोबेरा, १७ सप्टेंबर

चि. ओबदुलियास,
अ. आ.

चालले बाई! तीनदा चालले. मागे वळायचं नाही, असं दिग्दर्शकांनी बजावलं होतं. दाराबाहेरच म्हाताऱ्यांची रांग, त्यात सासूबाई. तिसऱ्यांदा त्यांच्याजवळून जाताना त्यांनी चटकन खाली वाकून काटेरी झुडपात अडकलेला माझ्या झग्याचा घोळ सोडवला. दिग्दर्शकांना ते फार आवडलं, तेच ठेवणार म्हणे. तुझी नोकरी वाचली.

घरी आल्यावर मी गुपचूप काळं चढवलं. सासूबाईंनी मसूर वाढली. मग म्हणाल्या, ते पिवळं धुतल्यावर रंग सोडतं का? मी म्हटलं, माहीत नाही. तर म्हणाल्या, नऊ वर्षं वाट बघतेय, ही पोरगी काळं कधी टाकते. म्हणाल्या, मीच ‘टाक’ म्हटलं असतं तर तुला वाटलं असतं, म्हातारी मुलाला विसरली. म्हणून मीही घालत बसले.

ओबदुलिया, अगं मी त्यांच्यासाठी घालत होते! दोघीही रडलो, मग हसलो, मसूर पार गार झाली.

आता काम ऐक. चार मीटर कापड पाठव, माझ्यासाठी निळं. सासूबाईंना राखाडी, एकदम उडी नको म्हणतात. तुझा पिवळा झगा परत पाठवतेय, घोळाला काट्याने पडलेलं भोक आहे. ते शिवू नकोस.

आम्हा दोघींची आठवण ठेव.

कासिल्दा