सात नंबरच्या कानातला कापूस

बाबा, परवा टीव्हीवर तुमची पोरं दिसली. तुमची म्हणजे तुम्ही शिकवलेल्या पोरांच्या नंतरच्या नंतरची. त्या एवढ्याशा बेटांच्या देशाचं सागरी दल, पांढरे हातमोजे, चकचकीत बंदुका, मागे त्यांच्या स्वतःच्या बोटी. निवेदिका सांगत होती, या दलाची सुरुवात फक्त बारा जवानांपासून झाली. मी भेंडी चिरता चिरता मोठ्यानं म्हटलं, "अकरा." घरात कुणी नव्हतं ते बरं.

तुम्ही नौदलातून निवृत्त होऊन वर्ष झालं होतं आणि वाकोल्याच्या आपल्या दोन खोल्यांत बसून आईचं डोकं खात होता, तेव्हा ते बोलावणं आलं. त्या देशाकडे पोलीस होते, पण कुणी बोटीतून चालून आलं तर अडवायला माणूस नव्हता. म्हणून नवं दल काढायचं ठरलं आणि पहिले बारा जण शिकायला मुंबईला आले. पाण्यातलं सगळं तुमच्याकडे. दल इतकं नवं की त्यांच्याकडे बंदुकासुद्धा नव्हत्या. तुम्ही गल्लीतल्या सुताराकडून खोक्यांच्या लाकडाच्या बारा बंदुका करून घेतल्या. त्या रिक्षातून आणताना हवालदारानं अडवलं, तेव्हा तुम्ही एक बंदूक त्याच्याच हातात दिलीत आणि म्हणालात, "धरून बघा, मच्छर तरी मरता काय." बोट म्हणून खारदांड्याच्या कोळ्यांचा मचवा. पोरांची नावं तुमच्या जिभेला वळेनात, म्हणून तुम्ही त्यांना आकडे दिलेत. रविवारी ते बाराही जण आपल्याकडे जेवायला यायचे, दारात चपलांचा ढीग पडायचा, आणि आई बांगड्याचं तिखलं करून करून थकायची.

सात नंबर त्यातला सगळ्यात गप्प. एकोणीस वर्षांचा, राजधानीत वाढलेला, बाप शिंपी. हिंदी त्याला सिनेमांनी शिकवली होती. एका रविवारी आई पाणी भरायला खाली गेलेली, मी ओट्यापाशी नारळ खोवतेय, आणि तो रिकामं ताट घेऊन आत येतो. ताट ठेवतो, जात नाही. मग म्हणतो, "मेरे को तैरना नहीं आता." मला हसूच आलं. बेटावरचा मुलगा आणि पोहता येत नाही! पण तो हसत नव्हता. त्याचा मामा समुद्रात गेला होता, तेव्हापासून आईनं त्याला गुडघाभर पाण्यातही उतरू दिलं नव्हतं. भरती करून घेताना कुणी विचारलं नाही, कारण तिकडे तसं विचारणं म्हणजे अपमान. आता बुधवारी तलावात परीक्षा होती. नापास झाला तर परत पाठवणार, आणि घरी कुठल्या तोंडानं जायचं? "किसीको बोलना मत, हां?"

मी नववीत होते, बाबा. एवढ्या मोठ्या मुलानं मला गुपित सांगितलं म्हणून मी फुलून गेले होते, हे आधी कबूल करते. आणि तुमची कळ कुठे दाबायची ते मला माहीत होतं. नौदलात तुमचा कान दुखत असताना साहेबानं तुम्हाला खोल पाण्यात उतरवलं होतं आणि उजवा कान कायमचा गेला होता. कान दुखतो म्हणणाऱ्याला तुम्ही पाण्यात घालणार नाही, हे मला आईपेक्षाही पक्कं ठाऊक. मी ओट्याजवळच्या देवघरातल्या वातींच्या डब्यातून कापूस काढला, खोबरेल तेलात बुडवला आणि त्याच्या हातावर ठेवला. "कान दुखता है बोलने का. बाबा कुछ नहीं बोलेगा." तो गेल्यावर मला फार हुशार असल्यासारखं वाटलं. तुम्हाला फसवणं किती सोपं, असंसुद्धा वाटलं.

बुधवारी संध्याकाळी तुम्ही आईला सांगताय, मी अभ्यासाचं पुस्तक तोंडापुढे धरून ऐकतेय. "सात नंबराचो कान दुखता. ऱ्हवांदे म्हटलंय. परीक्षा घेवन काय करूचा? माशाक पेवूक शिकवूचा लागणा नाय." बेटावरच्या पोराला पोहता येणारच, असं तुम्ही धरूनच चालला होता. आई म्हणाली, डॉक्टरला तरी दाखवा. तुम्ही म्हणालात, माझा डॉक्टरान काय केल्यान? पुस्तकामागे मी सुटकेचा निःश्वास टाकला.

पुढे तीन आठवड्यांनी मचव्यातून किनाऱ्यावर उतरायचा सराव होता. छातीभर पाण्यात उडी टाकायची, बंदूक दोन्ही हातांनी डोक्यावर धरायची आणि चालत वाळूवर यायचं. ती कोरडी राहिली पाहिजे, हा तुमचाच धडा. सराव केला नाही तर मायदेशी पहिल्या तुकडीत उभं राहता येणार नव्हतं. सात नंबरनं त्या सकाळी कानातला कापूस काढला आणि कान बरा झाला म्हणून सांगितलं. त्याला वाटलं असणार, छातीभर पाण्यात काय, चालायचंच तर आहे. तो उतरला तिथे खाली खळगा होता. त्याची बंदूक पाण्यावर सरळ धरलेली दिसत होती, म्हणून मागच्यांना वाटलं तो चालतोय. तुम्हालाही वाटलं. बंदूक कलंडून तरंगायला लागली तेव्हा तुम्ही कपड्यांसकट उडी मारलीत. त्याला वाळूवर आणलंत, तासभर त्याची छाती दाबत राहिलात, आणि मग एका कोळणीनं तुमचा हात धरून तुम्हाला थांबवलं. हे सगळं तुम्ही दुसऱ्या दिवशी भिंतीकडे बघत सांगितलंत.

नंतर तुम्ही स्वतःहून ते काम सोडलंत. अकरा जण परत गेले, त्यांचा गणवेशातला फोटो आला, तो तुम्ही ट्रंकेत सगळ्यांत खाली ठेवलात. त्यानंतर तुम्ही ज्याला त्याला एकच प्रश्न विचारत सुटलात. मला बघायला आलेल्या मुलाला पगार नाही, गाव नाही, पहिला प्रश्न हा की पोहता येतं काय? पोहे खाता खाता सगळे हसले. त्या मुलाला येत होतं, म्हणून माझं लग्न झालं, असं अजूनही आमच्याकडे गमतीनं सांगतात. मी त्या गमतीत कधी हसले नाही, आणि का ते यांनाही माहीत नाही.

पण सांगायचं आहे ते त्या दुपारचं. तुम्हाला इंग्रजी लिहिता येत नव्हतं आणि त्याच्या आईबापांना पत्र लिहायचं होतं. वरिष्ठ म्हणाले होते, गरज नाही, सरकारी पत्र जाईल. तुम्ही ऐकलं नाहीत. मला ओट्यापाशी बसवलंत, त्याच ओट्यापाशी, तुम्ही मालवणीत सांगत होता आणि मी शाळेच्या अक्षरात इंग्रजी करत होते. तो गुणी होता, आज्ञाधारक होता. मग तुम्ही थांबलात. "लिव. चूक माझी. परीक्षा न घेता मीया तेका पाण्यात घातलंय." मी लिहिलं. "माझी एकट्याची," तुम्ही म्हणालात, आणि पुन्हा एकदा तेच म्हणालात. माझ्या मागे, हाताच्या अंतरावर, वातींचा डबा होता. तेव्हा तोंड उघडायला हवं होतं. उघडलं नाही. पुढची सव्वीस वर्षं तुम्ही होतात, तेव्हाही उघडलं नाही.

तुम्ही विचारलंत, "सगळा लिवलंस मां?" मी हो म्हटलं. तुम्ही न वाचता खाली सही केलीत आणि पत्र स्वतः पोस्टात टाकून आलात. ते पत्र गेलं. हे आजचं कुठे जायचं नाही, वातींच्या डब्याखाली ठेवेन आणि एखाद्या दिवशी फाडून टाकेन.

सगळं लिहिलं नव्हतं, बाबा. 'एकट्याची' हा शब्द मी गाळला. इंग्रजीत येत नव्हता असं नाही, पाचवीतच शिकले होते तो.