नाव सोडून बाकी सगळं

मी, दारांवरच्या पितळी पाट्या कोरणारी, वय सत्त्याहत्तर, गुडघे सोडले तर सर्व अवयव जागच्या जागी असलेली बाई, आज पूर्ण शुद्धीत, कोणी दटावलेलं नसताना आणि कोणी लाडीगोडी लावलेली नसताना, हे मृत्युपत्र लिहून ठेवते. याआधी मी मृत्युपत्र केलेलं नाही. गेल्या हिवाळ्यात अंथरुणावर जे बोलले ते मृत्युपत्र नव्हतं, ताप होता.

त्या तापाचा खुलासा आधी करते. मी एवढंच म्हणाले होते, "माझ्यामागे या घरात माझ्या नावाची एखादी पोर असावी." तिन्ही मुलांनी त्यातून काढलं ते असं, की जो नाव ठेवील त्याला घर. अर्थ काढण्यात माझी मुलं हुशार. अर्थ विचारण्याचा मात्र त्यांना आळस.

कलम १. पाट्या कोरताना मी आणि माझा नवरा गिऱ्हाइकांना विचारायचो, "नाव कुठलं हो हे? अर्थ काय?" लोक खुशीत सांगायचे. त्या देशोदेशीच्या नावांतली तीन उत्तम नावं आम्ही पोरांसाठी निवडली. थोरल्याचं अरबी, अर्थ उदार. लेकीचं ग्रीक, अर्थ शांती. धाकट्याचं हिब्रू, अर्थ तो हसतो. नावाचा गुण माणसाला लागतो असं ज्यांना वाटतं, त्यांनी एकदा आमच्याकडे जेवायला यावं.

कलम २. माझा ताप उतरायच्या आत थोरल्यानं कचेरीत जाऊन आपल्या सात वर्षांच्या मुलीचं नाव बदललं आणि माझं लावलं. पोर आता जुन्या नावालाही ओ देत नाही आणि नव्यालाही. बँकेतली शिल्लक तिन्ही मुलांत सारखी वाटावी. मात्र पोरीला तिचं नाव परत केल्याचा कागद वकीलबाईंच्या हातात पडेपर्यंत थोरल्याचा वाटा अडकवून ठेवावा. शिवाय त्याला मी कोरलेली एक पाटी द्यावी. तिच्यावर एकच शब्द आहे, "उदार". दाराला लावावी. वर्गणी मागायला येणाऱ्यांची तेवढीच करमणूक.

कलम ३. लेकीला लहान मूल नाही, म्हणून तिनं आपल्या ब्यूटी पार्लरला माझं नाव दिलं, तेही दिव्यांच्या अक्षरांत. उद्घाटनाच्या दिवशी बहीणभावांत फुटपाथवरच जुंपली.

"दुकानाला दिलेलं नाव धरतात होय? माझी पोर हाडामांसाची आहे!"

"असेल रे दादा, पण ती रात्री नऊपर्यंत उजळते का?"

लेकीला माझ्या बांगड्या, शिवणयंत्र आणि "शांती" अशी पाटी द्यावी. खिळे ठोकताना शेजाऱ्यांना आधी कळवावं.

कलम ४. धाकट्याला मुलगी झाली तेव्हा तो पेढ्यापेक्षा घराच्या कागदांचंच जास्त बोलत होता. त्याला माझं नाव हवं, त्याच्या बायकोला नको. या भांडणात लेकरू पाच महिन्यांचं झालं तरी "ए बाळा"च आहे. धाकट्याला "तो हसतो" ही पाटी द्यावी. त्यानं आरशाच्या खाली लावावी.

कलम ५. घराबद्दल. धाकटी सून एके दुपारी बाळाला कडेवर घेऊन माझ्या कामाच्या टेबलाशी आली.

"आई, एक विचारू? रागावणार नाही ना?"

"विचार गं."

"तुमच्या नावाचा अर्थ काय हो? सगळे फुलाबिलाचं नाव समजतात."

एवढ्या जन्मात घरातल्या कोणी पहिल्यांदा विचारलं. मी सांगितलं. माझ्या आईच्या माहेरच्या बोलीतलं नाव आहे ते. मी चौथी मुलगी. अर्थ, आता पुरे.

सून बराच वेळ बाळाच्या टोपीची नाडी बांधत राहिली, बांधलेली असूनही.

"मग नाही ठेवायची मी. घर भाऊजींना द्या, नाहीतर ताईंना द्या. आम्ही भाड्याच्या खोलीत आहोत, तिथंच राहू. पण हिला जेवायला हाक मारायची, ती 'पुरे' म्हणून?"

वैतागून ठेवलेलं नाव एकदा तरी कोणी हौसेनं ठेवावं, एवढीच माझी तापातली हाव होती. ती त्या दुपारी फिटली, आणि नाव न ठेवता फिटली. म्हणून हे घर, पुढच्या पाट्यांच्या दुकानासकट, मी धाकट्या सुनेच्या एकटीच्या नावे करते. धाकट्यानं तिथं राहायला हरकत नाही, तिनं राहू दिलं तर.

कलम ६. माझं नाव घरातल्या कोणत्याही मुलीला, दुकानाला किंवा मांजरीला देऊ नये. बाळाचं नाव सुनेनं ठेवावं. कुठल्याही मुलखाचं चालेल, अर्थ विचारून घ्यावा. नंतर दारावरची माझी पाटी काढून उलटी करावी. मागची बाजू कोरी आहे, पितळ जाड आहे. बाळाचं नाव तिथं कोरावं. कोरण्या, हातोडी आणि भिंग बाळाचंच. माझं नाव भिंतीकडे तोंड करून राहील. त्याला सवय आहे.

साक्षीदार: समोरचा चष्मेवाला (नावाचा अर्थ सावध; सही करण्याआधी हा कागद तीनदा वाचला).
साक्षीदार: वकीलबाई (नावाचा अर्थ अजून सांगितलेला नाही, फी सांगितली).

स्थळ: दुकानामागची खोली. दिनांक: वकीलबाईंच्या शिक्क्यावर आहे तो.

सही (नाव सगळ्यांना पाठ आहे, म्हणून या खेपेला अर्थ लिहिते):
आता पुरे.