जिन्यावरची चार मिनिटं

बाई, तुम्हाला मराठी येत नव्हतं आणि तुम्ही जाऊनही वर्षं लोटली, तरी मराठीतच लिहिते. इंग्रजीत माझी जीभ फार चालायची. कॉन्व्हेंटच्या सिस्टरांनी तिला चांगली धार लावून दिली होती. इथे परदेशात, अप्पर हट गावातल्या त्या शिवणाच्या कारखान्यात पहिल्या आठवड्यात मी पडद्याची शिवण दाखवायला आणायचे. तुम्ही भुवया उंचावून मान मागे टाकायचात. आमच्याकडे त्याचा अर्थ ‘काय?’, म्हणून मी सविस्तर समजावायचे. तुमची मान पुन्हा मागे. मी पुन्हा सुरू. शेवटी तुम्ही कात्री घेऊन टाके उसवलेत. “नो! ग्रीसमध्ये हे ‘नो’! किती बोलतेस गं, मुली!”

सगळं काम तुम्हीच शिकवलंत. एकदा चहाच्या सुट्टीत तुम्ही सहज म्हणालात, “लग्नाआधी अथेन्समध्ये मी सहा सिनेमांत काम केलंय.” “हो का? मग मी पोप,” मी म्हणाले. सगळ्या खिदळल्या. तुम्ही कप विसळलात आणि मशीनवर जाऊन बसलात. तो विषय पुन्हा कधी काढला नाहीत.

परवा नातीने तुमचं नाव टाकून इंटरनेटवर एक सिनेमा शोधून दिला. तुम्ही त्यात विधवा. घरमालक जिना चढून घर सोड म्हणायला येतो. तुम्ही दारात उभ्या. तोंडून शब्द नाही. फक्त भुवया उंचावता, मान मागे टाकता. आणि तो धटिंगण, बाई, एकेक पायरी मागे सरत खाली उतरतो! जेमतेम चार मिनिटं, पण मी सात वेळा पाहिली. “आजी, शी डिडन्ट ईव्हन टॉक,” नात म्हणाली. मग हळूच, “प्ले इट अगेन.” आणि शेवटच्या यादीत तुमचं नाव कुठे, तर टांगेवाल्याच्या खाली! नायिका दोन तास मुळुमुळु रडते, तिचं नाव पडदाभर. कुणाला डोळे होते की नव्हते?

हे पत्र इंग्रजीत उतरवून तुमच्या लेकीला पाठवावं असं मनात होतं. नाही धजत. तुमच्या निवृत्तीच्या दिवशी तिने त्याच सिनेमातला, त्याच जिन्यावरचा तुमचा फोटो केकशेजारी ठेवला होता. मी तो हातात घेऊन नीट पाहिला, बाई. ती समोरच उभी होती, तुम्हीही. मी फोटो खाली ठेवला आणि केक छान झालाय म्हणाले.